आठ महिने, एक ओटीजी आणि सफरचंदाचं क्रम्बल

ओटीजी, म्हणजे विजेवर चालणारा छोटा ओव्हन, घेतला तो केकसाठी. आठ महिन्यांत केक झाले मोजून चार. सफरचंदाचं क्रम्बल (खाली फोडी, वर मैदा-बटर-साखरेचा चुरा, असं भाजलेलं गोड) मात्र जवळजवळ दर रविवारी. त्यामुळे हा अनुभव क्रम्बलच्याच जोरावर.

पहिले दोन महिने नुसता वैताग. वरचा चुरा विसाव्या मिनिटाला करपलेला, खाली फोडी कच्च्या. मी कृतीला नावं ठेवत बसले. मग एकदा ओव्हनचा थर्मामीटर आत ठेवला: डायल १८० वर, आत २०५! शिवाय रॉड चालू-बंद होतात तसा काटा वरखाली होतो, तो वेगळाच. आता डायल १६० वर, जाळी खालच्या खाचेत, पहिली २५ मिनिटं फक्त खालचा रॉड, मग दोन्ही रॉड १५ मिनिटं. मागचा डावा कोपरा जास्त तापतो, म्हणून मध्येच भांडं एकदा फिरवते.

चुऱ्याचं प्रमाण वजनाने २:१:१. मैदा २०० ग्रॅम, बटर १००, साखर १००. बटर थंडच हवं, बोटांच्या टोकांनी चोळायचं, वाटाण्याएवढ्या गाठी राहिल्या तर उत्तम. सफरचंदं आंबट आणि टणक. मऊ, गोड फळाचा नुसता गर होतो.

झालं कधी हे रंगावरून ठरवू नका, मी बरेचदा फसलेय. फोडींचा रस दाट करणारं कॉर्नफ्लॉवर उकळीच्या जवळ गेल्याशिवाय नीट आळत नाही, त्यामुळे मधोमधही दाट, संथ बुडबुडे दिसेपर्यंत थांबायचं. घाईने काढलं की तळाशी पाणी. मी काचेचं भांडं वापरते, कडेचा रस बाहेरून दिसतो. फ्रीजमधलं गार काचेचं भांडं थेट गरम ओव्हनमध्ये मात्र नको; माझं एक तसंच तडकलं.

तक्रारी? दाराची मूठ चटका बसण्याइतकी तापते. रस उतू जाऊन खालच्या रॉडवर पडला की जळका वास दोन दिवस जात नाही, म्हणून भांडं काठोकाठ भरत नाही. टायमर तर मी सोडूनच दिलाय, फोनवर लावते.

तरी परत घ्यायचा झाला तर हाच घेईन, मुख्यतः दुसऱ्या दिवसासाठी. उरलेलं क्रम्बल मायक्रोवेव्हमध्ये गरम केलं की वरचा थर मऊ पडतो. भांडं आधी बाहेर काढून ठेवून ओटीजीत १५० वर पंधरा मिनिटं दिली की पुन्हा कुरकुरीत.