सांगलीत सांद्रीन बोनेर: निवड चोख, प्रोजेक्टरची हेळसांड

विश्रामबागेतल्या एका छोट्या हॉलमध्ये इथल्या फिल्म क्लबने फ्रेंच अभिनेत्री सांद्रीन बोनेरचे चार चित्रपट सालवारीने दाखवले. क्रम अचूक. नाट्यपंढरीच्या प्रेक्षकाला शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा अभिनय सवयीचा. बोनेरचं सगळं काम चेहऱ्यावर आणि गप्प राहण्यात. म्हणूनच प्रक्षेपणातली चूक इथे जास्त महागात पडते.

'आ नोझामूर' (१९८३) मध्ये बापाच्या भूमिकेत दिग्दर्शक मॉरिस पियाला स्वतः आहे. रात्री बोलता बोलता तो लेकीला म्हणतो, तुझी एक खळी गेली, आधी दोन होत्या. ती खळी दिसली नाही तर प्रसंगच हातचा गेला. चित्रपट १.६६:१ (रुंदी:उंची) चौकटीतला, प्रोजेक्टर चित्र पडदाभर ताणणाऱ्या 'फुल'वर ठेवल्याने चेहरे सुमारे सात टक्के रुंदावले. मेनूत आस्पेक्ट (चौकटीचं प्रमाण) 'ऑटो' करायचं, कडांच्या बारीक काळ्या पट्ट्या राहू द्यायच्या. शिवाय पडद्याजवळची ट्यूब चालूच होती!

दिग्दर्शिका आन्येस वार्दाच्या 'सां त्वा नी ल्वा'ला (१९८५) व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च गोल्डन लायन मिळाला आणि बोनेरला अठराव्या वर्षी सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार. सुरुवातीलाच भटक्या मोनाचं थंडीने गारठलेलं प्रेत चरात सापडतं, मग तिला भेटलेली माणसं एकेक करून बोलतात. बोनेर तिच्याबद्दल दया मागत नाही. पण इथे लावली होती पॅल या टीव्ही-पद्धतीची डीव्हीडी: सेकंदाला २४ऐवजी २५ फ्रेम, त्यामुळे १०५ मिनिटांचा चित्रपट १०१ मिनिटांत उरकतो आणि आवाज किंचित चिरका होतो. २४ फ्रेमची ब्लू-रे मागवावी.

दिग्दर्शक शाब्रोलच्या 'ला सेरेमोनी'साठी (१९९५) सहअभिनेत्री इझाबेल ह्यूपेरसोबत व्हेनिसचं अभिनयाचं पारितोषिक तिला विभागून मिळालं. मोलकरीण सोफी (बोनेर) काय लपवते हे प्रास्ताविकातच सांगून टाकलं. हा अपराधच.

शेवटचा 'एल सापेल साबीन' (२००७) बोनेरने स्वतः दिग्दर्शित केलेला माहितीपट. तिची ऑटिस्टिक बहीण जवळपास पाच वर्षं मनोरुग्णालयात होती. त्याआधीची घरगुती चित्रफीत आणि नंतरची साबीन शेजारी ठेवली आहे. हा वगळला असता तर मालिका अर्धवट राहिली असती.

हॉलचा मजला सपाट आहे. पडदा हातभर वर घेईपर्यंत पहिल्या तीन रांगांतच बसा. मागे सबटायटल्स पुढच्यांच्या डोक्यांआड जातात.