जुन्या पीसीचं बायोस अपडेट: फ्लॉपी, विंडोज ९८ चा पेनड्राईव्ह का फ्रीडॉस?

कोल्हापूरच्या उद्यमनगरात अजून बऱ्याच वर्कशॉपात मशीनशेजारी जुनाच पीसी चाललाय, आणि बायोस (पीसी चालू करणारा, बोर्डावरच्या चिपमधला प्रोग्राम) अपडेट करायचं म्हटलं की पहिलं अडतं ते डॉस (विंडोजच्या आधीची, नुसत्या कमांडवर चालणारी सिस्टीम) कशावरनं बूट करायचं. मी तिन्ही प्रकार करून बघितलेत.

आधी बोर्डात गिगाबाइटचं क्यू-फ्लॅश नाहीतर आसुसचं ईझी फ्लॅश (बायोसमधनंच बायोस अपडेट करायची सोय) आहे का बघा, असलं तर डॉसच्या नादाला लागूच नका, तिथनंच होतंय.

फ्लॉपी फक्त एवढ्यासाठी की काही बोर्ड यूएसबीवरनं बूटच होत नाहीत. विंडोज एक्सपीत फ्लॉपी फॉरमॅट करताना एमएस-डॉस स्टार्टअप डिस्कची टिक करायची, झालं. पण जागा १.४४ एमबी, बायोसची फाईल १ एमबीची असली तर जुन्या बायोसच्या बॅकअपला दुसरी फ्लॉपी घ्यावी लागते. आणि आपल्याकडच्या पावसाळ्यात ठेवलेली फ्लॉपी वापरायच्या आधी शटर सरकवून बघा, पांढरी बुरशी दिसली तर सरळ टाकून द्या.

विंडोज ९८ च्या फाईली टाकलेला पेनड्राईव्ह चालतो मस्त, जुने फ्लॅशर (चिपमधे नवा बायोस लिहिणारे प्रोग्राम) याच डॉसवर चालायचे. पण त्या फाईली कुठनं तरी उतरवून घ्यायच्या, त्यात काय चिकटून येईल सांगता येत नाही, शिवाय त्या बूट डिस्कमधे मेमरी मॅनेजर (जास्तीची मेमरी सांभाळणारा डॉसचा प्रोग्राम) लोड होत असला तर काही फ्लॅशर पुढं सरकतच नाहीत.

म्हणून माझं मत रुफस (बूट होणारा पेनड्राईव्ह बनवणारा प्रोग्राम) आणि फ्रीडॉस (डॉसचाच फुकट अवतार) यांना. रुफसमधे बूट सिलेक्शनला फ्रीडॉस, पार्टिशनला एमबीआर, फाईल सिस्टीमला फॅट३२ निवडा, स्टार्ट दाबा, चहा संपायच्या आत तयार. फ्रीडॉस १९९४ पासनं चालू आहे आणि फुकट आहे, कुठनं चोरून आणायला नको. घरी एक्सपीच असलं तर रुफस २.१८ घ्या, विंडोज ७ ला ३.२२, त्याच्या पुढचे तिथं चालत नाहीत. पेनड्राईव्ह छोटा घ्या, ४ जीबीचा बास, काही जुने बायोस मोठ्या ड्राईव्हवर अडकून बसतात. बूट ऑर्डरमधे तो बऱ्याचदा हार्ड डिस्कच्या यादीत दिसतो, तिथं वर घ्या. फ्लॅशर फ्रीडॉसवर अडलाच तर मग ९८ वाला करा, तोपर्यंत नको.

काहीही घेतलं तरी फाईलचं नाव आठ अक्षरांत ठेवा, आधी जुना बायोस सेव्ह करा आणि यूपीएसशिवाय फ्लॅशला हात लावू नका. मागच्या जुलैत राजारामपुरीत फ्लॅशिंग निम्म्यावर असताना लाईट गेली होती, यूपीएस होता म्हणून बोर्ड वाचला, नाहीतर ती बायोसची चिप काढून प्रोग्रामरवर (चिपमधे थेट लिहिणारं यंत्र) न्यावी लागली असती. झाल्यावर सेटअपमधे डिफॉल्ट लोड करा, आणि बोर्डवरचा सीआर२०३२ सेल (सेटिंग लक्षात ठेवणारा बटण सेल) जुना असला तर त्याच हाताने बदलून टाका.