ठाण्याहून वारसा बघायला सहल काढायची, तर माथेरान की जुन्नर?

सोबत लहान पोरं असतील आणि गाडी काढायची नसेल, तर ठाणेकरांनी सरळ माथेरान धरावं. कर्जत लोकलने नेरळ, पुढे दस्तुरीपर्यंत, म्हणजे गाड्या थांबतात त्या नाक्यापर्यंत टॅक्सी, मग लाल मातीतून पायी. १८५० साली ही जागा हेरली तीही ठाण्याच्याच कलेक्टरने, मॅलेटने. १९०७ची मिनी ट्रेन पावसाळ्यात नेरळहून सुटत नाही. वारसा म्हणाल तर ही गाडी आणि जुने बंगले, बस्स.

जुन्नरला माळशेज चढून जायचं. नाणेघाटाच्या लेण्यात भिंतभर सातवाहनांचा ब्राह्मी लेख, त्यात दानाचे आकडेसुद्धा कोरलेले. घाटमाथ्यावर दगडी रांजण, जकातीचा म्हणतात. शिवाय शिवनेरीचे सात दरवाजे. गुडघे कुरकुरत असतील तर लेण्याद्रीच्या पायऱ्या सोडा. माझं मत जुन्नरला; फक्त पावसात दरडीची बातमी बघूनच निघा.