आमचं ४० लाखांचं होम लोन : जवळजवळ पाच वर्षांनंतरचा रिव्ह्यू

धाकट्या दिराने चाकणला फ्लॅट बघितलाय, गेल्या रविवारी जेवायला आला तेव्हा विचारत होता, "वहिनी, तुमची बँक कशी आहे, मी पण तिथेच लोन करू का?" त्याला तोंडी सांगायला घेतलं आणि दोन तास गेले, म्हणून सगळं लिहूनच काढलं. बँकेचं नाव देत नाही कारण ऑफिसातल्या दोन मैत्रिणींची लोनं वेगवेगळ्या बँकांत आहेत आणि तिघींचा अनुभव जवळपास सारखाच आहे.

आम्ही मोशीला टू बीएचके घेतला, ॲग्रीमेंट ५० लाखांचं, १० लाख आमचे आणि ४० लाख लोन. डिसेंबर २०२० ची गोष्ट. तेव्हा सरकारने १ सप्टेंबर ते ३१ डिसेंबर स्टॅम्प ड्युटीत ३ टक्के सूट दिली होती, त्यामुळे सबरजिस्ट्रार ऑफिसात ही गर्दी, मास्क लावून सकाळपासून उभे होतो. दीड लाख वाचले म्हणून केवढा आनंद झाला होता. व्याजदर पण तेव्हा खूपच खाली होते, रेपो रेट (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो) ४ टक्के आणि त्यावर बँकेचा स्प्रेड, म्हणजे बँकेची स्वतःची वरची टक्केवारी, २.९०, असे मिळून ६.९० टक्के. २० वर्षं मुदत, हप्ता ३०,७७२. एजंटने हप्ता सांगितला, आम्ही दोघांच्या पगारातून तो बसतो का ते बघितलं, बसत होता, सह्या केल्या. हप्त्याला २४० ने गुणून बघायचं त्या दिवशी दोघांच्याही डोक्यात आलं नाही. ७३ लाख ८५ हजार होतात. म्हणजे ४० लाख घेतले आणि परत करायचे जवळपास ७४, आणि हे दर एवढे खाली असताना.

पैसे मिळेपर्यंतची सर्व्हिस चांगली होती हे आधी सांगते. कागद घ्यायला माणूस घरी आला, लीगल आणि व्हॅल्युएशन आठ दिवसांत झालं, बिल्डरच्या नावाचा चेक जानेवारी २०२१ मध्ये वेळेवर निघाला. प्रोसेसिंग फी, त्यावर जीएसटी, नोटीस ऑफ इंटिमेशनचा (घर बँकेकडे तारण आहे ही सरकारी नोंद) खर्च, हे सगळीकडे असतंच.

पण विम्याचं लिहायलाच पाहिजे. सँक्शनच्या, म्हणजे लोन मंजुरीच्या, दिवशी एजंट म्हणाला, "मॅडम, लोनचा विमा घेतल्याशिवाय फाईल पुढे जात नाही." १,१२,००० प्रीमियम, एकरकमी, आणि तो लोनमध्येच घातलेला, म्हणजे आम्हाला खिशातून काही द्यावं लागलं नाही म्हणून आम्हीही हो म्हणून टाकलं. खरं तर असा विमा बँकेकडूनच घेतला पाहिजे अशी सक्ती नाहीये, घरात कमावत्या माणसाचा साधा टर्म प्लॅन (फक्त आयुष्याचा विमा) असेल तर तो दाखवून नको म्हणता येतं. त्या १,१२,००० चा महिन्याचा वाटा ८६२ रुपये पडतो, २० वर्षांत २ लाखांच्या वर जातो. शिवाय आमच्या पॉलिसीचं कव्हर मूळ २४० महिन्यांच्या तक्त्याप्रमाणे दरवर्षी कमी होत जातं, लोनची मुदत पुढे लांबली तर विमा काही लांबत नाही. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. घेऊन बसलाच असाल तर पॉलिसी हातात पडल्यावर आता ३० दिवसांत परत करता येते, तेवढ्यात वाचून घ्या.

आता मुख्य गोष्ट. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवायला सुरुवात केली, ४ वरून ४.४०, मग ४.९०, ५.४०, सप्टेंबर अखेर ५.९०. ऑक्टोबर २०१९ नंतरची बँकांची फ्लोटिंग होम लोनं बाहेरच्या रेटला जोडलेली असतात, बहुतेकांची रेपोलाच, त्यामुळे दर तीन महिन्यांनी रीसेट, म्हणजे दराची नव्याने आकारणी, झाली की आमचा पण व्याजदर वाढत गेला. एसएमएस यायचे, दर बदलला आहे एवढंच, आणि खात्यातून जाणारा हप्ता मात्र तोच, ३०,७७२. मला वाटलं चला, आपल्याला काही फरक पडला नाही. नवरा पण म्हणाला, "हप्ता नाही ना वाढला, मग कशाला टेन्शन घेतेस."

दिवाळीत बोनस आला, थोडे पैसे लोनमध्ये भरावेत म्हणून मी ॲपवर स्टेटमेंट काढलं. चकली गार होत होती आणि मी मोबाईल घेऊन तशीच बसले होते. ऑक्टोबरच्या हप्त्याची ओळ अशी होती : हप्ता ३०,७७२, व्याज २८,१९३, मुद्दल २,५७९. फेब्रुवारी २०२१ चा आमचा पहिला हप्ता काढून बघितला, त्यात व्याज २३,००० आणि मुद्दल ७,७७२ होतं. म्हणजे जवळपास दोन वर्षं हप्ते भरल्यावर मुद्दलात जाणारा पैसा वाढायच्या ऐवजी एक तृतीयांश झाला होता. २१ हप्त्यांत आम्ही ६,४६,२१२ रुपये भरले होते आणि त्यातले मुद्दलाला लागले फक्त १,५८,०८४.

आणि खाली शिल्लक हप्ते लिहिले होते ३३८. मी दोनदा ॲप बंद करून उघडलं. २४० तून २१ गेले तर २१९ राहायला पाहिजेत ना. हप्ता तोच ठेवायचा म्हणून बँकेने मुदत वाढवत वाढवत २०४१ ची थेट डिसेंबर २०५० वर नेली होती आणि कुठल्याही एसएमएसमध्ये मुदतीबद्दल एक अक्षर नव्हतं. नवरा २०४५ ला रिटायर होणार. विमा २०४१ ला संपणार. म्हणजे त्यानंतर पाच वर्षं पेन्शनीतून हप्ते, आणि शेवटची दहा वर्षं डोक्यावर कव्हर नाही.

त्या रात्री एक्सेल उघडून बसलो. आमचा दर तोवर ८.८० झाला होता, तोच धरला तर ३०,७७२ चे ३३८ हप्ते म्हणजे १ कोटी ४ लाख. तेच लोन जुन्या मुदतीत, २१९ हप्त्यांत, संपवायचं तर हप्ता ३५,३०० आणि एकूण ७७ लाख ३१ हजार. महिन्याला ४,५२८ रुपये जास्त द्यायचे आणि पावणेसत्तावीस लाख वाचवायचे. स्टॅम्प ड्युटीचे दीड लाख वाचवायला आम्ही किती धावपळ केली होती, आणि हे पावणेसत्तावीस लाख कुणाला न विचारता आमच्या माथी आले होते.

नोव्हेंबरात ब्रँचला गेले. तिथले साहेब वागायला चांगले होते, त्यांच्याबद्दल तक्रार नाही, पण मी हप्ता वाढवायचाय म्हटल्यावर त्यांनी मान वर करून बघितलं. "ताई, वाढवायचाय? लोक कमी करून मागतात." म्हटलं हो, मुदत जुनी करून द्या. तीन चकरा झाल्या, अर्ज, दोघांच्या सह्या, खात्यातून हप्ता आपोआप कापायची नवीन परवानगी (ईसीएस मँडेट). मग मी विचारलं की नवीन गिऱ्हाईकाला तुम्ही किती टक्क्यांनी देताय, तर ८.५०. मग आमचा ८.८० का? तर तुमचा स्प्रेड तेव्हाचा आहे, तो आपोआप कमी होत नाही, कन्व्हर्जन फी भरून बदलून मिळेल. ५,००० अधिक जीएसटी, ५,९०० रुपये. एवढ्याने दर ८.५० झाला आणि त्या वाढवलेल्या हप्त्यावर १० हप्ते कमी झाले, म्हणजे साडेतीन लाखांच्या आसपास. हे बोर्डावर कुठे लावलेलं नसतं, विचारल्याशिवाय कोणी सांगत नाही. नाही म्हणाले असते तर मी बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे लोन दुसऱ्या बँकेत, करणारच होते, आणि तसं बोलूनही दाखवलं.

त्याच दिवशी बोनसचे १ लाख पार्ट पेमेंट केले. फ्लोटिंग रेटच्या होम लोनवर वैयक्तिक कर्जदाराला प्रीपेमेंटचा, म्हणजे मुदतीआधी पैसे भरल्याचा, दंड लावता येत नाही, त्यामुळे पूर्ण १ लाख मुद्दलातून गेले. फॉर्मवर दोन चौकोन असतात, हप्ता कमी करायचा की मुदत. साहेबांनी फॉर्म माझ्याकडे सरकवायच्या आधीच पेनाने पहिल्या चौकोनात टिक केली होती, सवयीने. मी नवीन फॉर्म मागून मुदत कमी केली. त्या १ लाखाने शेवटचे १२ हप्ते गेले, सव्वाचार लाख होतात. तेव्हापासून जमेल तसं भरतो, कधी ५० हजार, कधी २० च, पण दरवेळी तो चौकोन मी स्वतः भरते.

पुढे दर अजून वाढले, फेब्रुवारी २०२३ ला रेपो ६.५० झाला, आम्ही परत जाऊन हप्ता वाढवून घेतला, तेव्हा घरात ओढाताण झाली, मुलाचा स्विमिंगचा क्लास सहा महिने बंद ठेवला. पण त्या रात्रीच्या एक्सेलमध्ये काहीच केलं नसतं तर काय, तेही काढून बघितलं. जुन्या स्प्रेडने दर ९.४० झाला असता आणि एप्रिल २०२३ च्या ३०,७७२ च्या हप्त्यातून मुद्दलाला ७५४ रुपये लागले असते. एवढ्यात आमच्या सोसायटीचा महिन्याचा मेंटेनन्स पण होत नाही.

लोक म्हणतात टॅक्स वाचतो ना पण. वाचतो, इन्कम टॅक्सच्या जुन्या रिजीममध्ये (जुन्या पद्धतीत) राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत, म्हणजे २० टक्क्यांच्या स्लॅबला ४ टक्के सेस धरून ४१,६०० रुपये. आमचं पहिल्याच वर्षीचं व्याज पावणेतीन लाखांच्या आसपास होतं. आणि नवीन रिजीममध्ये राहत्या घरावर हे मिळतच नाही, नवऱ्याने तीच घेतलीय. तेव्हा टॅक्ससाठी लोन चालू ठेवा हा सल्ला देणाऱ्यांनी एकदा स्वतःच्या फॉर्म १६ वर गणित करून बघावं.

दुसरं म्हणतात की पगार वाढतो, महागाई वाढते, दहा वर्षांनी ३० हजार काहीच वाटत नाहीत. यात तथ्य आहे, मी नाकारत नाही. घर घेतल्याचा पश्चात्तापही नाही, आधी भाड्याला १४ हजार जायचेच आणि दर ११ महिन्यांनी सामान बांधायची भीती वेगळी. सासूबाईंनी गॅलरीत तुळस लावलीय, त्याचं मोल एक्सेलमध्ये येत नाही. पण पगार वाढेल तसा हप्ता वाढवला तरच तो फायदा आपल्याला मिळतो, नाहीतर तो सगळा व्याजात जातो.

आता बदललेलं काय ते पण लिहिते. ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या सर्क्युलरनंतर दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, याचा पर्याय बँकेला द्यावा लागतो, आणि दर तीन महिन्यांनी मुद्दल किती गेलं, व्याज किती गेलं, हप्ते किती राहिले याचं स्टेटमेंट द्यावं लागतं. आम्हाला ते येतं, नीट येतं, मी प्रिंट काढून लोनच्या फाईलला लावते. ऑक्टोबर २०२४ पासून नवीन लोनला की फॅक्ट स्टेटमेंट पण मिळतं, त्यात फी, विमा सगळं धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो. भाऊजींना मी सांगितलंय, आधी तो कागद हातात घ्या, मग बाकीचं बोला. लोन संपल्यावर घराचे मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायचे, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये, हा पण नियम आलाय, तो आमच्या कामी यायला अजून वेळ आहे.

२०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो ६.५० वरून ५.५० वर आला. आमचा दर रीसेटला बरोबर उतरला, यावेळी पाठपुरावा करावा लागला नाही. हप्ता तेवढाच ठेवा असं लेखी दिलं, आता मुद्दलाची ओळ भराभर वाढताना दिसते.

५ पैकी ३ स्टार. डिस्बर्समेंट (लोनचे पैसे देणं), स्टाफ आणि ॲप, तिन्ही चांगले. एक स्टार विम्यासाठी कापला. दुसरा न विचारता वाढवलेल्या त्या ११९ हप्त्यांसाठी. भाऊजींची सँक्शनची तारीख पुढच्या सोमवारी आहे, एजंटने त्यांना ३० वर्षं सुचवलीत, ४५ लाखांना ८ टक्क्यांनी. २० वर्षांना हप्ता ३७,६४० येतो आणि ३० ला ३३,०१९, आणि व्याजात फरक साडेअठ्ठावीस लाखांचा. सोमवारी मी त्यांच्यासोबत जाणार आहे, हाफ डे टाकलाय.