एडी गार्सिया यांच्या तीन चित्रपटांपैकी आधी कोणता पाहावा?

फिलिपिनो अभिनेते एडी गार्सिया १९४९ साली पडद्यावर आले आणि २०१९ साली, वयाच्या नव्वदीत, एका दूरचित्रवाणी मालिकेच्या चित्रीकरणादरम्यान झालेल्या अपघातानंतर त्यांचे निधन झाले. सत्तर वर्षांच्या या कारकिर्दीत त्यांनी खलनायक रंगवले, विनोदी भूमिका केल्या आणि चित्रपट दिग्दर्शितही केले. फिलिपाइन्सच्या फामास पुरस्कारांत अभिनेता, सहायक अभिनेता आणि दिग्दर्शक या तिन्ही विभागांच्या मानकऱ्यांत त्यांना कायमचे स्थान मिळाले. एवढ्या पसाऱ्यात नव्या प्रेक्षकाने सुरुवात कुठून करावी, हा प्रश्न साहजिक आहे. माझ्या मते त्यासाठी तीनच चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत. तिन्हींत गार्सिया यांनी पुरुषांविषयीचे आकर्षण जगापासून दडवून आयुष्य काढणारा माणूस उभा केला आहे. विषय सारखाच असल्याने अभिनयातला फरक स्पष्ट दिसतो.

लिनो ब्रोका यांचा ‘टुबोग सा गिन्तो’ सत्तरच्या दशकाच्या उंबरठ्यावरचा आहे. त्यातले डॉन बेनितो श्रीमंत आणि प्रतिष्ठित असून त्यांना पत्नी आणि मुलगा आहे. त्यांचे गुपित हाती लागलेला ड्रायव्हर त्यांना धमकावून लुबाडू लागतो. समलिंगी पात्र बहुधा हशा पिकवण्यासाठीच आणले जाण्याच्या त्या काळात, चाळिशीतल्या आणि दुष्ट भूमिकांसाठी ओळखल्या जाणाऱ्या नटाने ही भूमिका स्वीकारणे धाडसाचे होते. गार्सिया यांनी तिच्यात नखरा येऊ दिला नाही. बेनितो यांच्या रुबाबाखालची भीतीच त्यांनी दाखवली. मूळ कथा मार्स रावेलो यांच्या चित्रकथेतली असल्याने नाट्य भडक आणि शेवट हिंसक आहे, आणि अशा माणसाच्या वाट्याला विनाशच येणार हे त्या काळाचे गृहीतकही चित्रपट सोडत नाही. पत्नीच्या भूमिकेत लोलिता रोद्रिगेझ आणि ड्रायव्हरच्या भूमिकेत मारियो ओहारा तितक्याच ताकदीने उभे राहतात. ज्यांना फिलिपिनो चित्रपटांच्या इतिहासात रस आहे त्यांनी हा चुकवू नये; मात्र जुन्या फिलिपिनो चित्रपटांच्या प्रती अनेकदा झिजलेल्या असतात, हे ध्यानात ठेवून बसावे.

जून रोब्लेस लाना यांचा ‘ब्वाकाव’ २०१२ सालचा आहे, आणि आधी हाच पाहावा, असे माझे स्पष्ट मत आहे. त्यातला रेने टपाल खात्यातून निवृत्त झालेला आहे, तरीही पगाराविना रोज कचेरीत जाऊन बसतो. मृत्यूची तयारी त्याने नेटाने चालवली आहे: शवपेटी आधीच घेऊन ठेवली आहे आणि मृत्युपत्रात तो पुन्हापुन्हा बदल करतो. सोबतीला आहे ती ब्वाकाव नावाची भटकी कुत्री. ऐंशी ओलांडलेले गार्सिया इथे सहानुभूती मागत नाहीत; रेने खेकसतो, टोचून बोलतो, मदतीला आलेल्यांना हाकलतो. म्हणूनच एका तीनचाकी रिक्षावाल्याशी जुळलेल्या मैत्रीत त्याच्या मनात उशिराची आशा उगवते आणि तिचा अपमानास्पद शेवट होतो, तेव्हा त्या कडवट चेहऱ्यावरचा बदल काळजाला भिडतो. गार्सिया यांची मान किंचित खाली जाते, पाऊल जड होते, आणि एकही संवाद नसताना आपल्याला सारे कळते. या भूमिकेसाठी त्यांना सिनेमालाया महोत्सवात आणि पुढे २०१३ च्या आशियाई चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा मान मिळाला. संथपणा मात्र सोसावा लागतो, आणि ज्यांच्या घरातले कुत्रे नुकतेच गेले आहे त्यांनी काही दिवस थांबलेले बरे.

जोएल लामांगान यांचा २०१८ सालचा ‘रेनबोज सनसेट’ या दोन्हींपेक्षा सोपा आहे. चौऱ्याऐंशी वर्षांचे माजी सिनेटर रामोन मरणासन्न प्रियकराच्या सेवेसाठी घर सोडतात. पत्नीला सर्व ठाऊक असते, मुलांना मात्र लोक काय म्हणतील याची धास्ती असते. मुलांच्या भांडणांत चित्रपट लांबतो, संवादही बरेचदा भाषणाच्या वळणावर जातात, आणि दिग्दर्शनाच्या कसोटीवर तो ‘ब्वाकाव’च्या जवळ येत नाही. तरीही ग्लोरिया रोमेरो आणि टोनी माबेसा यांच्यासोबत गार्सिया एकत्र दिसतात तेव्हा या तीन ज्येष्ठ कलावंतांनी परस्परांना दिलेली जागा पाहण्यासारखी आहे. बेनितोचे भय रामोनपाशी उरलेले नाही. घरच्या वडीलधाऱ्यांसोबत बसून पाहायचे असेल, तर तिघांत हाच निवडावा.

ज्यांना केवळ त्यांचा खलनायक हवा आहे, त्यांनी हे तिन्ही बाजूला ठेवून एडी रोमेरो यांचा १९७० सालचा ‘बीस्ट ऑफ ब्लड’ हा भयपट लावावा. त्यातला वेडसर डॉक्टर लोर्का गार्सिया यांनी बिनधास्त रंगवला आहे.