हसवणारी रील की घर फिरवणारी?

पुण्यात घरांच्या रीसेलचं, म्हणजे जुने फ्लॅट विकून देण्याचं काम करणारे मित्र सध्या हेच विचारतात: सासू-सुनेचा प्रसंग करून रील टाकायची, की गपचूप फ्लॅट फिरवून दाखवायचा? मी दोन्ही केलंय, साधारण वर्ष-वर्षभर.

लोकांपर्यंत पोहोचायचं तर विनोदी रीलला तोड नाही. माझ्या पुतण्याने साडी नेसून ‘या हॉलात माझा सोफा मावत नाही गं’ म्हणणारी सासू केली आणि सिंहगड रोडच्या चहावाल्याने आमचे पैसे घेणं बंद केलं. एक फायदा खरा आहे. घर विकायला काढलेले मालक त्यातून येतात. ओळखीचा चेहरा दिसला की किल्ली द्यायला कचरत नाहीत. धंद्यात नवीन असाल तर तिकडून सुरुवात करायला माझी ना नाही.

गिऱ्हाइकाचं मात्र वेगळं. नऱ्ह्याचा टू बीएचके बघायला एक जोडपं आलं. घर आवडलं, बाल्कनीत दोन चकरा झाल्या. मी म्हटलं, ब्रोकरेज दोन टक्के. नवरा खो-खो हसला. “दादा, हा डायलॉग भारी होता!” मी हसलो नाही, तेव्हा त्याचा चेहरा उतरला. मग अर्ध्या टक्क्यापासून घासाघीस. असं तीन-चारदा झालं. रोज फुकटात हसवलेल्या माणसाकडे पैसे मागताना माझीच जीभ अडखळायला लागली.

त्यात नव्या प्रोजेक्टच्या जाहिरातीत १ ऑगस्ट २०२३ पासून महारेराचा, म्हणजे बांधकाम प्रकल्पांवर नजर ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाचा, क्यूआर कोड लागतो. तो काय सासूच्या तोंडावर चिकटवू? (ज्या मोबाइलवर रील बघतोय त्यानेच तो स्कॅन कसा करायचा, हा आणखी वेगळा प्रश्न.)

फिरवणाऱ्या रीलमध्ये मी लिफ्टपासून न थांबता चालत जातो. ड्राय बाल्कनीतला वॉशिंग मशीनचा पॉइंट, नळ सोडून पाण्याची धार, बेडरूमची खिडकी उघडल्यावर समोर येणारी शेजारच्या बिल्डिंगची भिंत. हो, तीसुद्धा. बघणारे जेमतेम तीन-चारशे. पण परवा एका ताईंचा फोन आला, “हॉलची खिडकी पश्चिमेला दिसतेय, दुपारी तापतो का हो?” तापतो, म्हटलं. रविवारी टेप घेऊन आल्या. ब्रोकरेजचा आकडा सांगितला, तो त्यांनी वहीत लिहून घेतला.

पुतण्या जरा नाराज आहे. दिवाळीत एखादी करू, म्हणालोय. साडी अजून ऑफिसच्या कपाटातच आहे.