अकरा महिने ‘पाटी’वर गणित: स्वस्तातल्या पेन टॅबलेटचा अनुभव

गेल्या जूनमध्ये मी पेन टॅबलेट घेतला, साडेतीन हजारांच्या आत. लिहायची जागा ६ बाय ४ इंच, बिनबॅटरीचा पेन, लॅपटॉपला एका वायरीने जोडायचा, स्वतःचा पडदा नाही; त्यावर लिहिलेलं लॅपटॉपच्या पडद्यावर उमटतं. अकरा महिने रोज संध्याकाळी दीड तास त्यावर दहावीचं गणित ऑनलाइन शिकवलं. मुलं १७: साधारण निम्मी कराडची, दोघं चिपळूणची, बाकीची पाटण खोऱ्यातली. मुलं त्याला ‘पाटी’ म्हणतात, म्हणून मीही तेच म्हणते. माझ्या मॉडेलचं नाव लिहीत नाही, कारण या आकाराच्या आणि या किमतीच्या पाट्या एकमेकींच्या फार जवळ आहेत आणि मॉडेलं सारखी बदलतात. काय बघून घ्यायचं आणि घेतल्यावर काय करायचं, ते बदलत नाही.

त्याआधी मी स्वयंपाकघरातल्या डब्यांची चळत रचून त्यावर फोन आडवा ठेवायचे आणि खाली वहीत लिहायचे. मुलांना दिसायची माझ्या हाताची सावली. मग तयार स्लाइड केल्या. त्या स्वच्छ दिसायच्या, पण वर्गसमीकरणाच्या सहाही पायऱ्या एकदम समोर आल्या की मुलं नुसतं उतरवून घेतात. मला फळा हवा होता. एक ओळ लिहायची, थांबायचं, ‘पुढे काय येईल?’ विचारायचं, कुणीतरी चुकीचं सांगणार, तेही लिहून बघायचं, मग खोडायचं. पाटीने मला हे परत दिलं. माझा लिहिण्याचा वेग आणि मुलांचा वहीत उतरवण्याचा वेग पुन्हा एक झाला. एवढ्यासाठी ते पैसे पहिल्या महिन्यातच वसूल झाले.

खोक्यावर सगळ्यात ठळक छापलेला आकडा असतो प्रेशर लेव्हलचा, म्हणजे पेनचा दाब किती पायऱ्यांत ओळखला जातो त्याचा. ‘वन बाय वॅकॉम’च्या छोट्या पाटीला २०४८, ‘ह्युऑन एच६४०पी’ला ८१९२. चित्र काढणाऱ्याला त्याचा उपयोग असेल, शिकवणाऱ्याला यातला कुठलाही पुरतो. मी तर दाबाप्रमाणे रेघेची जाडी बदलणं बंदच करून टाकलं. पाटणकडच्या मुलांचं नेट मंद असलं की त्यांचा पडदा आधीच धूसर होतो, त्यात बारीक झालेली रेघ दिसतच नाही. जाड, एकसारखी, पांढऱ्यावर गडद निळी रेघ ठेवा.

बघायचा आकडा वेगळाच आहे: लिहायच्या जागेची रुंदी. माझ्या १५.६ इंची लॅपटॉपचा पडदा साधारण १३.६ इंच रुंद आहे. सहा इंचांची पाटी त्यावर पसरली की हाताची एक सेंटिमीटरची हालचाल पडद्यावर सव्वादोन सेंटिमीटरची होते. हाताची थरथरही तेवढीच वाढते. १० इंच रुंद पाटीवर, उदाहरणार्थ ‘एक्सपी-पेन डेको ०१ व्ही२’वर, हे प्रमाण १.३६ वर येतं आणि अक्षर बरंच आपलं वाटतं. मी छोटी घेतली कारण लॅपटॉपच्या पुढे टेबलावर तेवढीच जागा होती. आज घेतली असती तर हजार-दीड हजार जास्त घालून, टेबल हलवून, मोठी घेतली असती.

छोटीच असेल तर एक उपाय आहे. ड्रायव्हरमध्ये, म्हणजे पाटी चालवण्यासाठी लॅपटॉपवर टाकायच्या प्रोग्रॅममध्ये, पाटी पूर्ण पडद्याला न जोडता पडद्याच्या डाव्या दोनतृतीयांश भागालाच जोडायची. मी तेवढ्याच भागात लिहिते, उजवीकडे पाठ्यपुस्तकाचं पान उघडं असतं. बालभारतीच्या पुस्तकांच्या पीडीएफ फुकट मिळतात, त्याचा इथे फार उपयोग होतो.

आता वर्तुळाची गोष्ट. पहिल्याच आठवड्यात एक मुलगा म्हणाला, “मॅडम, वर्तुळ चपटं का येतंय?” मी हाताला दोष दिला. मग मोजलं. पडदा १६:९ आणि पाटी ६:४. आडवं माप १६ भागिले ६, म्हणजे २.६७ पट होत होतं. उभं ९ भागिले ४, म्हणजे २.२५ पट. हाताने नीट काढलेलं वर्तुळ पडद्यावर जवळजवळ १९ टक्के जास्त रुंद होत होतं, आणि ४५ अंशांचा कोन ४० च्या आसपास दिसत होता. भूमिती शिकवणाऱ्यासाठी ही बारीक गोष्ट नाही. ड्रायव्हरमध्ये प्रमाण कायम ठेवण्याची खूण असते, ती लावली की पाटीची वरची-खालची पट्टी वाया जाते, पण वर्तुळ वर्तुळ राहतं. हे प्रमाणाचं गणित नंतर मी वर्गातच सोडवायला दिलं. समरूपतेच्या धड्याला याहून चांगलं उदाहरण मला मिळालेलं नाही.

सगळ्यात जास्त त्रास दिला तो टिंबाने. हलकेच टेकवून उचललेला पेन बऱ्याचदा नोंदलाच जात नाही. अनुस्वार गळला तर मुलं समजून घेतात, पण ३.५ चं ३५ झालं तर अख्खं उदाहरण चुकतं. दोन दिवस मुलांची उत्तरं दहापट येत होती आणि मला कारण कळत नव्हतं. तीन गोष्टी केल्या. ड्रायव्हरमध्ये पेनचं टोक ‘मऊ’ केलं, म्हणजे कमी दाबातही नोंद होते. विंडोजच्या कंट्रोल पॅनेलमधल्या ‘पेन अँड टच’मध्ये ‘प्रेस अँड होल्ड’ बंद केलं, नाहीतर पेन क्षणभर थांबला की गोल कडं फिरतं आणि भलताच मेनू उघडतो. आणि तिसरं म्हणजे टिंब टेकवायचं नाही, इवलंसं गोल फिरवायचं. आता हात आपोआप तसंच करतो. लिहिण्याच्या प्रोग्रॅममध्ये रेघ गुळगुळीत करण्याची सोय असेल तर तीही कमीच ठेवा. ती वाढवली की ‘र’ आणि ‘२’ सारखे दिसायला लागतात.

नजर पडद्यावर आणि हात खाली, याची सवय व्हायला मला नऊ दिवस लागले. त्या नऊ दिवसांत वर्गात पाटी वापरली नाही. रोज वीस मिनिटं मुळाक्षरं, मग पाढे. पाढ्यांचा फायदा असा की आकडे रकान्यात एकाखाली एक यावे लागतात, त्यातून अंतराचा अंदाज बसतो. देवनागरीत आणखी एक अडचण आहे, ती इंग्रजीतून सांगणाऱ्या कुठल्याच व्हिडिओत मला सापडली नाही. आपण शब्द लिहून झाल्यावर पेन मागे नेतो आणि शिरोरेषा ओढतो. पाटीवर ती रेघ नेमकी अक्षरांच्या डोक्यात घुसते किंवा वरच तरंगते. पेन पाटीपासून साधारण एक सेंटिमीटरच्या आत राहिला तर पडद्यावरचा ठिपका सोबत फिरतो. त्यापेक्षा वर उचलला की ठिपका जागीच थांबतो आणि पेन पुन्हा टेकवताना अंदाज चुकतो. म्हणून पेन उचलायचा, पण उंच नाही. शिरोरेषा तिरकी जात असेल तर आधी पाटी पडद्याला समांतर आहे का ते बघा. आपण वही तिरकी ठेवून लिहितो आणि पाटीही नकळत तशीच ठेवतो.

पेनला बॅटरी नाही, मग चालतो कसा, हा प्रश्न वर्गातल्या एका मुलीने विचारला. पाटीच्या खाली तारांची बारीक जाळी असते. तिच्या बदलत्या चुंबकीय क्षेत्रामुळे पेनातल्या वेटोळ्यात ऊर्जा येते आणि पेन उलट संकेत पाठवतो. दहावीच्या विज्ञानातलं विद्युतचुंबकीय प्रवर्तनच ते. याचा एक व्यवहारी फायदा: मध्ये कागद ठेवला तरी पेन चालतो. मी पाटीवर आलेख कागद चिकटपट्टीने लावते. आडव्या ओळी हाताखाली दिसतात, खरखरीत कागदावर पेन घसरत नाही. छापलेली आकृती खाली ठेवून गिरवताही येते. निब मात्र लवकर झिजते. माझी तिसरी निब चालू आहे. टोक एका बाजूने सपाट झालं की बदलायची, नाहीतर पाटीवर चरे पडतात. घेताना जादा निबा किती येतात ते बघा.

प्रोग्रॅम मी दोनच वापरते आणि दोन्ही फुकट आहेत. ओपनबोर्डमध्ये पानांमागून पानं फळ्यासारखी लिहिता येतात, त्यात पट्टी, कोनमापक आणि कंपासही आहेत. झुर्नल प्लस प्लसमध्ये मुलांच्या उत्तरपत्रिकांच्या पीडीएफ लाल रेघेने तपासते. गूगलचा ऑनलाइन फळा, जॅमबोर्ड, डिसेंबर २०२४ मध्ये बंद झाला, तेव्हा माझ्या ओळखीतल्या कितीतरी शिक्षकांची सवय एका दिवसात मोडली. म्हणून वर्ग संपला की मी अख्खा फळा पीडीएफ करून मुलांच्या ग्रुपवर टाकते. नेट गेलेल्या मुलाला तोच आधार असतो.

भौमितिक रचना मात्र पाटीवर शिकवत नाही. ओपनबोर्डचा कंपास सुंदर कंस काढतो, पण कंपास धरायचा कसा, टोक घट्ट रोवून पेन्सिलीचा पाय कसा फिरवायचा, हे मुलांना खऱ्या हातातच दिसायला हवं. त्या चार-पाच तासांसाठी डब्यांची चळत पुन्हा टेबलावर येते.

मुलांनी पाटी घ्यावी का? वर्गातल्या एका मुलाकडे मोठ्या भावाची होती. तो पडदा शेअर करून उदाहरण सोडवायचा तेव्हा तो कुठे अडखळतो, चिन्ह कुठल्या ओळीत बदलायचं विसरतो, हे मला घडताना दिसायचं. वहीच्या फोटोत फक्त शेवटची चूक दिसते. तरीही मी कुणाच्या आईवडिलांना ‘घ्या’ म्हणत नाही. बहुतेक मुलं फोनवर शिकतात. फोनला पाटी जोडायची तर मॉडेल अँड्रॉइडला चालणारं हवं, पाटीची वायर फोनला लावायला ओटीजीचा जोड हवा, आणि फोन उभा असेल तर पाटीचा छोटासा भागच काम करतो. त्यापेक्षा वही आणि चांगल्या उजेडात काढलेला फोटो बरा.

कुरकुर करण्यासारखं दोनच बाबतीत आहे. पाटीतली वायर खोचायची जागा सातव्या महिन्यात सैल झाली आणि वर्ग चालू असताना पेन मेला. आता वायरीला टेबलाच्या कडेला चिमटा लावून ठेवते, म्हणजे ओढ बसत नाही. नवीन घेताना टाइप-सीचीच घ्या. आणि एकदा विंडोज अद्ययावत झाल्यावर ड्रायव्हर पुन्हा टाकावा लागला. ती फाइल तेव्हापासून डेस्कटॉपवरच आहे. आधी दुसऱ्या कंपनीची पाटी वापरली असेल तर तिचा ड्रायव्हर पूर्ण काढून मगच नवा टाका, नाहीतर दोघांची भांडणं होतात.

डावखुऱ्यांसाठी: माझी बहीण चिपळूणला मराठी शिकवते, ती डावखुरी आहे. ड्रायव्हरमध्ये पाटी १८० अंशांत फिरवता येते, मग वायर आणि बटणं उजवीकडे जातात. तिने मार्चमध्ये माझ्याच आकाराची मागवली होती, मी तिला ती परत करायला लावून १० इंचांची घ्यायला लावली. काल तिच्या फळ्याची पीडीएफ आली. शिरोरेषा सरळ आहेत.